तीन पुकारे

नाव तीनदा घ्यायचं, ही रीत.
पहिल्यांदा दाराच्या आत, साहेबांना ऐकू जाईल असं,
दुसऱ्यांदा व्हरांड्यात,
तिसऱ्यांदा जिन्याच्या तोंडाशी,
जिथे सीबीएसवरच्या गाड्यांचे हॉर्न
सरळ वर चढून येतात आणि नावात मिसळतात.
सव्वीस वर्षं नाशिकच्या कोर्टात
माणसांची पूर्ण नावं ओरडतोय,
बापाच्या नावासकट.
घरी बायको म्हणते, हळू बोला,
मी काही प्रतिवादी नाही.

त्या मंगळवारी बोर्डावर एकोणचाळीस नंबर.
सतराव्याला मी पुकारलं:
मोरेश्वर त्र्यंबक वडके, हाजीर आहेत का?
पुन्हा पुकारलं.
तिसऱ्यांदा, खरं सांगतो, उरकूनच पुकारलं,
घसा बसला होता, चहा निवत होता,
वादीचे वकील अर्धे उठलेलेच होते.
रोजनाम्यात आलं:
प्रतिवादी पुकारूनही गैरहजर. दावा एकतर्फी चालावा.
दीड ओळ.
दुकानाचा गाळा, बापाच्या काळापासूनच्या भाडेपावत्या,
सगळं त्या दीड ओळीच्या पलीकडे राहिलं.

साडेपाचला पंखे बंद करत निघालो
तर बाकावर एक म्हातारा.
मांडीवर कापडी पिशवी, तिला दोन्ही हातांची मिठी,
बोटांच्या पेरांत काळं मुरलेलं,
चिंचेनंही न निघणारं.
आजोबा, कोर्ट उठलं.
त्यानं माझ्या ओठांकडे बघितलं
आणि अख्ख्या मजल्याला ऐकू जाईल एवढ्यानं विचारलं:
माझा नंबर कधी?

सकाळी दहापासून तिथेच होता.
माझ्या तिसऱ्या पुकाऱ्यापासून चार हातांवर.
तांबट आळीत पन्नास वर्षं
हंड्यांना ठोके घातलेला माणूस.
ठोका बसला की हंडा घुमतो, मग थांबतो.
ह्याच्या कानात तो थांबलाच नव्हता.

दुसऱ्या दिवशी पुतणीनं अर्ज आणला.
वादीचे वकील म्हणाले,
पुकारा करणं कोर्टाचं काम, ऐकणं पक्षकाराचं.
मागे कुणीतरी हसलं.
मॅडमनी चष्मा काढला.
पगारे, पुकारा केला होतात?
केला होता, मॅडम. तीनदा.
त्यांना पोचला?

हा प्रश्न मला कुणी कधी विचारला नव्हता.
रोजनाम्यात त्याला रकाना नाही.
मी बाकाकडे बघितलं. चार हात.
नाही, मॅडम, म्हणालो,
इतक्या बारीक आवाजात
की टायपिस्टनं मान वर करून विचारलं, काय म्हणालात?

आदेश रद्द. कैफियत द्यायला तीस दिवस.
वादीच्या खर्चापोटी तीनशे रुपये,
ते म्हाताऱ्यानं पिशवीतून काढले,
दहादहाच्या नोटा, थुंकी लावून मोजलेल्या.

आता मी तिसऱ्या पुकाऱ्यानंतर बाकांवरून फिरतो.
झोपलेल्याला हलवतो, तंबाखू मळणाऱ्यापुढे बोर्ड धरतो.
बेंच क्लार्क चिडतात: पगारे, तुम्ही काय लग्नाची पंगत उठवताय?

दावा अजून चालू आहे.
निम्म्या पावत्या वाळवीनं खाल्ल्या;
त्यांना पुरावा म्हणायचं की जाळी, ते ठरायचंय.
कँटीनमध्ये म्हणतात, गाळा जाईल.
जाईलही.
पण परवा उलटतपासणीला म्हातारा पिंजऱ्यात उभा होता
आणि प्रत्येक प्रश्न कागदावर लिहून
त्याच्यापुढे धरला जात होता.
वकिलांना पुढची मॅटर होती,
अक्षर घसरत चाललं होतं.
म्हाताऱ्यानं कागद लांब धरला, जवळ धरला,
मग भिंती हादरतील असा ओरडला:
हे लागत नाही. नीट लिहा.

कोर्ट गप्प.
वकिलांनी मॅडमकडे बघितलं. मॅडमनी कागदाकडे.
मग त्यांनी ती ओळ खोडली, पेन झटकलं
आणि एकेक अक्षर सुटं करत
प्रश्न पहिल्यापासून लिहायला घेतला.